रस्त्याने तेवीस किलोमीटर

मेस्त्री साहेब सरकारी वकील म्हणून आमच्या ओरोसच्या ऑफिसात हजर झाले, त्या दिवशी त्यांनी पहिलं काम काय केलं असेल तर माझं टेबल मोजलं. नमस्कार नाही, चहा नाही. खिशातून लोखंडी टेप काढली, टेबलाची उंची घेतली, खुर्चीची घेतली आणि म्हणाले, बाई, तुमची पाठ दुखत असणार. दुखत होतीच, चार वर्षं दुखत होती. पण कोणा परक्या पुरुषाने पहिल्याच दिवशी येऊन ती मोजून दाखवावी हे काही मला रुचलं नाही. मी म्हटलं, सरकारी टेबल आहे साहेब, दुखायचंच. दुसऱ्या दिवशी सकाळी येऊन बघते तर टेबलाचे चारही पाय खालून दोन दोन बोटं कापलेले आणि कोपऱ्यात भुश्याची छोटीशी रास. सरकारी मालमत्तेला करवत लावली म्हणून आमचे हेडक्लार्क आठवडाभर धास्तावून होते. माझी पाठ मात्र दुखायची राहिली.

साहेबांचं गाव खारेपाटणच्या वरच्या अंगाला, डोंगरात. घराणं सुतारांचं. वडील म्हणे सांगायचे, नजरेवर भरवसा ठेवतो त्याचं दार पावसाळ्यात अडकतं. मुलगा शिकून वकील झाला, पण टेप काही सुटली नाही. ठेंगणा बांधा, काळ्या कोटाचा रंग उडून हिरवट झालेला, पायात चपला. कोर्टात घालायचे बूट ऑफिसच्या कपाटात, फायलींच्या शेजारी. चालताना ओठ सतत हलत असायचे. लोकांना वाटायचं माणूस देवभक्त आहे, जप चाललाय. कोणी नमस्कार केला तर उत्तर नाही, म्हणून निम्म्या ओरोसने त्यांना शिष्ट ठरवलेलं. खरी गोष्ट एवढीच की ते पावलं मोजत असायचे आणि मधे बोललं की आकडा चुकायचा. क्वार्टरपासून ऑफिसपर्यंत किती पावलं, हे त्यांनी मला एकदा न विचारता सांगितलं. मी म्हटलं, साहेब, याचा उपयोग काय? म्हणाले, अजून कळला नाही, कळला की सांगतो.

उपयोग कळायला मला फार दिवस लागले नाहीत. आमच्याकडे जामिनाचा अर्ज आला की सरकारी वकिलाने त्यावर आपलं म्हणणं लेखी द्यायचं असतं. लहान मुलांवरच्या अत्याचाराच्या केसमध्ये ते म्हणणं मला तोंडपाठ होतं. गुन्हा गंभीर स्वरूपाचा आहे, आरोपी साक्षीदारांवर दबाव आणील, फरारी होईल, सबब अर्ज नामंजूर व्हावा. कार्बन घालून तीन प्रती मी डोळे मिटून टाइप करीत असे. आधीचे सगळे साहेब त्यावर न वाचता सही करायचे. मेस्त्री साहेबांनी पहिलंच म्हणणं वाचलं आणि आडवी रेघ मारून परत दिलं. म्हणाले, हे जगातल्या कुठल्याही माणसाबद्दल लिहिता येईल, बाई. या माणसाबद्दल काय?

आता या माणसाबद्दल काय ते मला काय माहीत? त्यांनाही माहीत नव्हतं. म्हणून ते छत्री उचलून एसटीत बसले आणि त्या गावाला गेले. पुढे हे नेहमीचंच झालं. पोलिसांचे कागद, डॉक्टरांचा दाखला, पोरीचा जबाब हे सगळं आधी वाचायचे. मग जाऊन आरोपीचं घर कुठे, पोरीचं घर कुठे, शाळेची वाट कुठून, पाणी कुठलं भरतात, हे पायाने मोजून यायचे. पाठकोऱ्या कागदावर नकाशा काढायचे, सुताराच्या चपट्या पेन्सिलीने. त्या नकाशावरून म्हणणं तयार व्हायचं.

एकदा मी विचारलं, गुन्हा झाला की नाही ते सोडून तुम्ही पावलं कसली मोजता? तेव्हा त्यांनी जे सांगितलं ते मी पुढे कितीतरी लोकांना सांगत आले. "बाई, जामिनाच्या दिवशी कोर्ट निकाल देत नाही. निकाल लागेपर्यंत हा माणूस झोपणार कुठे आणि सकाळी उठून जाणार कुठे, एवढंच ठरवतं. मग ते तरी नीट बघून ठरवूया."

आतल्या एका गावातली केस होती. आरोपीच्या वकिलांनी छान भाषण केलं, आरोपीचं घर मुलीच्या घरापासून बऱ्याच अंतरावर आहे, भीतीचं कारण नाही वगैरे. वकील मोठे होते, आवाज त्याहून मोठा. साहेब उठले आणि म्हणाले, एकशे बारा पावलं. मधे दगड रचून केलेला एक गडगा आहे, तो एका ठिकाणी पाडून पायवाट केलेली आहे, आणि ती वाट आरोपीच्या विहिरीवर जाते. मुलीच्या घरी दुसरी विहीर नाही. एवढं बोलून खाली बसले. न्यायाधीश साहेबांनी नकाशा मागून घेतला, उलटासुलटा करून पाहिला आणि अर्ज फेटाळला. जेवणाच्या सुट्टीत ते मोठे वकील आमच्या ऑफिसात आले, म्हणाले, मेस्त्री, पुढच्या वेळी मला आधी सांग, मी पण चालून येतो, जरा पोट तरी उतरेल.

म्हणून ते प्रत्येक अर्जाला आडवे जात असतील असं समजू नका. तिथेच तर माझं आणि त्यांचं वाजलं. एक प्रकरण असं आलं की आरोपी क्षयाने खंगलेला, तपास पुरा होऊन दोषारोपपत्र कोर्टात दाखल झालेलं, आणि मुलाला आईवडिलांनी घाटावर मामाकडे शाळेत घातलेलं. साहेबांनी लिहून दिलं की कडक शर्ती घालून जामीन द्यायला हरकत नाही. दुसऱ्या दिवशी गावातली पंधरा-वीस माणसं ऑफिसात घुसली. तुम्ही फुटलात, असं तोंडावर म्हणाली. साहेब शांतपणे टेप उघडझाप करत ऐकत राहिले. मग म्हणाले, खटला उभा राहील तेव्हा यातल्या किती जणांनी साक्षीला यायचं ठरवलंय, त्यांनी नावं लिहून द्या. खोली हळूहळू रिकामी झाली. माझ्या घरी दोन मुली होत्या. मला त्या दिवशी गावकऱ्यांचंच पटलं होतं, आणि पुढचे दोन दिवस मी साहेबांशी कामापुरतंच बोलले. तिसऱ्या दिवशी त्यांनीच विषय काढला. म्हणाले, आत ठेवायचा तो पोराला धोका आहे म्हणून ठेवायचा, बाई, आपला राग शमावा म्हणून नाही. रागासाठी पुढे शिक्षा आहे. मला ते लगेच पटलं असं नाही. पण मी कुळथाच्या पिठीचा डबा पुन्हा त्यांच्यापुढे सरकवला.

हो, कुळथाची पिठी. मालवण तालुक्यात रोज येणंजाणं आणि माणूस ताज्या मासळीला हात लावत नसे. काट्याची भीती. आणि काट्याहून मोठी भीती पाण्याची. एकदा ऑफिसची सहल सिंधुदुर्ग किल्ल्यावर निघाली. मालवणच्या धक्क्यावर सगळे होडीत चढलो, साहेबांनी एक पाय होडीत ठेवला, होडी जरा हलली, पाय परत धक्क्यावर. म्हणाले, तुम्ही जाऊन या, मी डबे सांभाळतो. आम्ही किल्ला बघून, फोटो काढून दोन तासांनी परत आलो तर साहेब धक्क्यावर बावीस डबे रांगेत मांडून उन्हात बसलेले. मी मालवणचीच, लहानपणी खाडीत डुंबलेली. मला हसू आवरेना. परतीच्या गाडीत सगळ्यांनी त्यांना मनसोक्त छळलं, आणि त्यांनीही छळू दिलं.

त्यांच्या या भीतीने पुढे एका पोरीचं नुकसान केलं, आणि त्यात माझाही हात होता. ती हकिगत सांगण्यासाठीच हा सगळा पसारा मांडला.

खाडीकाठचं गाव, मालवण तालुक्याच्या शेवटाला. नाव सांगत नाही. मुलगी नऊ वर्षांची. तिचंही नाव सांगत नाही. कायद्याने सांगू नये आणि मलाही सांगवत नाही. तिच्या आईला आपण शेवंती म्हणूया. शेवंती टोपलीतून मासळी विकायची, नवरा दुसऱ्याच्या बोटीवर खलाशी. ज्याच्या बोटीवर तो होता तो बोटमालकच आरोपी. गावात वजन असलेला, देवळाच्या कामात पुढे, कोणाच्याही अडीनडीला धावणारा. शेवंतीने पोलीस ठाण्यात पाय ठेवला तेव्हा तिच्यामागून कोणी आलं नाही. नवरासुद्धा दाराबाहेर उभा राहिला, आत आला नाही.

बोटमालकाला अटक झाली. पहिला अर्ज साहेबांनी हाणून पाडला, तपास चालू होता. तीन महिन्यांच्या आत दोषारोपपत्र दाखल झालं आणि दुसरा अर्ज आला. आता पारडं दोन्हीकडे जड होतं. एका बाजूला गुन्हा भयंकर, मुलगी लहान, बाप आरोपीच्याच नोकरीत. दुसऱ्या बाजूला तपास पुरा, आरोपीवर आधीचा एकही गुन्हा नाही, घरदार सोडून पळणारा माणूस नव्हे, आणि खटल्याला कधी हात लागेल ते कोणी सांगू शकत नव्हतं. न्यायाधीश साहेब म्हणाले, मला याला अनिश्चित काळ आत ठेवता येणार नाही. मुलीच्या संरक्षणासाठी काय शर्ती घालू ते सरकारने सांगावं.

साहेबांनी तयारी करून ठेवलीच होती. आरोपीने मालवण तालुक्यात पाऊल ठेवायचं नाही. मुलीशी, तिच्या घरच्यांशी बोलायचं नाही. आठवड्याला पोलीस ठाण्यात हजेरी. आरोपीने राहण्यासाठी बहिणीचा पत्ता दिला होता, देवगड तालुक्यातला. साहेबांनी एसटीने दोन्ही गावांचे थांबे गाठून अंतर पक्कं केलं होतं: रस्त्याने तेवीस किलोमीटर, मधे पूल, दोन गाड्या बदलाव्या लागतात. मी ते टाइप केलं. आदेशातही तसंच आलं. साहेब त्या दिवशी खूश होते, म्हणाले, तेवीस किलोमीटर म्हणजे चांगलं अंतर आहे, बाई. मीही मान हलवली.

पंधरा दिवसांनी शेवंती ऑफिसात आली. सकाळचा बाजार करून, रिकामी टोपली घेऊन, एसटीने. टोपली दाराबाहेर ठेवली, वास येईल म्हणून. बसा म्हटलं तरी बसेना. म्हणाली, चेडवाचं, माझ्या पोरीचं, शाळेत जाणं बंद झालं. साहेबांनी विचारलं, तो गावात आला होता का? नाही. कोणाकडून निरोप? नाही. मग झालं काय?

शेवंती साहेबांकडे बघत राहिली, एवढा शिकलेला माणूस आणि याला कसं कळत नाही अशी. मग म्हणाली, "वकिलानू, तुमी रस्त्यान मोजलास. आमी होडयेन जातंव."

त्याच्या बहिणीचं घर समोरच्या काठावर. देवगड तालुका, पण शेवंतीच्या दारातून दिसणारं. तरीच्या होडीने सहा मिनिटं. तो रोज सकाळी शाळेच्या वेळेला पलीकडच्या धक्क्याजवळच्या दगडावर जाळं शिवत बसायचा. हाक नाही, खूण नाही, काही नाही. चेडू दप्तर घेऊन बाहेर यायचं, समोर बघायचं आणि परत घरात जायचं. घरात जाऊन वळईत, भाताच्या गवताच्या ढिगात, लपून बसायचं.

मला त्या क्षणी जमीन फाटून पोटात घेईल तर बरं असं झालं. साहेब डोंगरातले, त्यांना पाणी म्हणजे रस्ता हे सुचलं नाही, ठीक. पण मी? माझी मावशी अशाच खाडीपलीकडे दिली होती. लहानपणी आई चुलीवर भात ठेवून होडीने तिच्याकडे मीठ मागायला जायची. आणि मी रस्त्याने तेवीस किलोमीटर असं टाइप करून वर मान हलवली. ऑफिसात बसलं की माणसाची अक्कल एसटीच्या वेळापत्रकाप्रमाणे चालते, दुसरं काय. मी साहेबांना म्हटलं, मला कळायला हवं होतं. ते म्हणाले, सही माझी आहे.

दुसऱ्याच दिवशी ते गेले, आणि मी मागे लागून बरोबर गेले. तरीवर होडी वल्हवणारा म्हातारा तांडेल होता. साहेबांनी होडीकडे बघितलं, चपला काढून हातात घेतल्या आणि बसले. चेहरा पांढराफटक. एका हाताने होडीची कड आणि दुसऱ्या हाताने माझं मनगट असं काही धरलं होतं की चार दिवस वळ राहिला. ओठ मात्र हलत होते. पलीकडे लागल्यावर मला म्हणाले, लिहून घ्या, वल्ह्याचे चौऱ्याण्णव हात. मग धक्क्याच्या कडेला बसून ओकले.

तो दगडावर होताच. जाळं बाजूला ठेवून उठला, तोंड धुवायला पाणी आणून दिलं आणि अगदी घरच्यासारखं म्हणाला, वकीलसाहेब, चाय घेवन जावा. साहेबांनी पाणी घेतलं, चहा नको म्हटलं. मग त्याच्या दगडाशेजारी उभे राहून त्यांनी समोर पाहिलं. शेवंतीचं दार, दारातली तुळस, शाळेच्या वीस-बावीस पायऱ्या, वरची कौलारू शाळा, सगळं हाकेवर. त्याने एकही शर्त मोडलेली नव्हती. परतताना साहेब पुन्हा होडीत बसले तेव्हा माझा हात धरायलाही विसरले.

अलीकडच्या काठावर शेवंती थांबली होती. तिने रात्रभर विचार करून तोड काढलेली होती. हलक्या आवाजात म्हणाली, मी कोर्टात शपथेवर सांगते की तो होडीने या बाजूला आला, माझ्या दारात उभा राहिला. दीरसुद्धा सांगेल. मग तरी त्याला परत आत घालतील ना?

घातलं असतं. शर्त मोडली हे दोन साक्षीदारांनी सांगितलं तर जामीन रद्द व्हायला अर्धा तास लागला नसता. खरं सांगते, माझ्या मनात आलं, साहेबांनी हो म्हणावं. ज्याने त्या पोरीचं ते केलं त्याच्यासाठी एक खोटं बोललं तर कुठला देव रागावणार होता?

साहेब चपला पायात घालत होते ते थांबले. "शेवंती, उद्या तुजा चेडू त्या पिंजऱ्यात उभा रवान खरा सांगतला. तुज्या तोंडात एक खोटा गावला, तर त्याचा खरा कोण आयकतलो?"

शेवंती रडली नाही. टोपली उचलली आणि म्हणाली, मग तुम्ही काय करणार ते करा, पण माझं चेडू वळईत बसून मोठं होणार नाही, एवढं बघा. आणि चालू लागली. हे ओझं तिने साहेबांच्या डोक्यावर ठेवलं, आणि ते ओझं घेऊन आम्ही एसटीने ओरोसला आलो.

बाररूममध्ये बातमी पसरायला वेळ लागत नाही. एकाने सल्ला दिला, आरोपी हुशारीने शर्तीतून पळवाट काढतोय असं जोरात मांड, स्वतःचं नाव मधे आणू नको. दुसऱ्याने सांगितलं, सरकारी वकिलाने आपली चूक कबूल केली की पुढच्या नेमणुकीला ती फाईल वर येते. तेही खरंच होतं, साहेबांची मुदत त्या वर्षी संपत होती. साहेब सगळ्यांना बरं बरं म्हणाले. अर्ज मात्र त्यांनी स्वतः हाताने लिहिला आणि मला टाइप करायला दिला. पहिलंच वाक्य वाचून मी त्यांच्याकडे पाहिलं. ते म्हणाले, आहे तसं टाइप करा.

सुनावणीला आरोपीचे वकील तयारीने आले होते, आणि त्यांचं बोलणं कायद्याला धरून होतं. माझ्या अशिलाने कोर्टाचा प्रत्येक शब्द पाळला. शर्त पाळली म्हणून त्याला शिक्षा करायची का? माणसाने बहिणीच्या दारात बसून जाळंही शिवू नये? न्यायाधीश साहेबांनी साहेबांकडे पाहिलं, आता बोला.

"शर्त आरोपीने मोडलेली नाही, महाराज. शर्त मी चुकीची मागितली. मी रस्ता मोजला, खाडी मोजली नाही. त्याची किंमत ते मूल देतंय."

साहेबांनी नकाशा पुढे केला, चौऱ्याण्णव वल्ह्यांचा, त्यावर दगड, दार आणि पायऱ्या दाखवलेल्या. जामीन रद्द करा असं त्यांनी मागितलंच नाही. शर्त बदला म्हणाले: आरोपीने त्या खाडीच्या दोन्ही काठांपासून लांब राहावं, जिथून मुलीचं घर किंवा शाळेची वाट नजरेला पडते तिथे येऊ नये, मग तालुका कोणताही असो. न्यायाधीश साहेबांनी दोन प्रश्न विचारले, नकाशा या वेळी उलटा न करता पाहिला आणि आदेश दिला. दोन दिवसांत आरोपीने कणकवलीच्या पुढे चुलतभावाकडे जावं. खाडीत, पाण्यावर किंवा काठावर, दिसला तर जामीन रद्द.

बाररूमने साहेबांना वल्हेवकील असं नाव ठेवलं. ते नाव त्यांनी आनंदाने मिरवलं. मुदत संपल्यावर पुन्हा नेमणूक झाली नाही. चुकीच्या कबुलीमुळे नाही झाली की आणखी कशाने, ते मला कोणी सांगितलं नाही. ते कणकवलीला खासगी वकिली करू लागले. खटला तीन वर्षांनी उभा राहिला. तेव्हा बारा वर्षांची झालेली ती मुलगी पडद्याआडून साक्ष देऊन गेली, शेवंतीची उलटतपासणी दिवसभर चालली, आणि तिच्या बोलण्यात एक अक्षर खोटं निघालं नाही. त्याला शिक्षा झाली. साहेब त्या दिवशी प्रेक्षकांच्या बाकावर बसून होते, निकाल ऐकून निघून गेले. मागच्या वर्षी ते वारल्याचं कळलं तेव्हा दुपारभर माझ्या डोळ्यांचं पाणी खळेना, नि मुलीला वाटलं डोळे आलेत.

पण मला ते कायम दिसतात ते आदेशानंतरच्या सोमवारी. पोलिसांचा अहवाल आला होता की आरोपी बहिणीचं घर सोडून गेला. साहेबांना कागद पुरेना, स्वतः बघायचं होतं. पलीकडच्या काठावर जायचं, पण होडीने नाही, एवढं त्यांनी बजावून सांगितलं. म्हणून आम्ही दोन गाड्या बदलून, पुलावरून वळसा घालून शाळेच्या वेळेच्या जरा आधी तिथे पोहोचलो. बहीण बाजाराला गेली असावी, घराला कुलूप होतं, दगड मोकळा होता. मी टपरीवर चहा सांगायला गेले. साहेब चालून दमले होते, कोट काढून हातावर घेतला आणि त्या दगडावर टेकले.

समोरचं दार उघडलं. मुलगी बाहेर आली, पाठीला दप्तर, वेण्यांना लाल रिबिनी. घराच्या दोन पायऱ्या उतरली, खाडीकडे पाहिलं आणि थांबली. मग वळून घरात गेली, दार लागलं.

साहेब म्हणाले, काहीतरी विसरली वाटतं. मला मात्र लख्ख दिसलं. मी चहा तिथेच टाकून धावले. "साहेब, उठा. ती तुम्हाला बघून गेली."

त्यांनी स्वतःकडे पाहिलं. पांढरा सदरा, दगडावर बसलेला पुरुष. एवढ्या लांबून कोण कोणाचं तोंड ओळखतो? त्यांच्या तोंडून फक्त अरे देवा एवढंच निघालं. काठावर एक मोडकी होडी पालथी घातलेली होती. सरकारी वकील त्या होडीआड चिखलात गुडघ्यांवर बसले, खाली वाकले, डोक्यावर काळा कोट ओढून घेतला. मी एकटी बाई उघड्यावर उभी राहिले. शाळेची घंटा झाली. साहेब होडीआडून दबक्या आवाजात विचारत होते, आली? मी म्हणत होते, नाही. पुन्हा विचारत होते. एका तंगडीवरून खेकडा गेला तरी हलले नाहीत.

दार उघडलं. या वेळी शेवंती पुढे होती, तिच्या लुगड्याला धरून ती. मुलगी कितीतरी वेळ या काठाकडे बघत राहिली. दगड, धक्का, मी, पालथी होडी, पुन्हा दगड. मग तिने लुगडं सोडलं आणि शाळेच्या पायऱ्या चढायला लागली.

साहेबांनी विचारलं, "गेली काय गो?"

मी म्हटलं, गेली साहेब, उठा आता.

ते उठले नाहीत. "वायच थांब. मागे बघतला," असं म्हणून आणखी खाली वाकले. आणि खरंच, सगळ्यात वरच्या पायरीवर पोचल्यावर त्या पोरीने मागे वळून बघितलं.